‘दिवस भरणे’ : वऱ्हाडातील प्रसूतिकालगणनेचा विचार

स्त्रीला गर्भ राहिला म्हणजे तिला ‘दिवस गेले’ असे मराठीत म्हणतात. प्रसूतीची वेळ आली म्हणजे तिचे ‘दिवस भरले’. त्यापूर्वी जन्मलेले मूल ‘अपुऱ्या दिवसांचे’. एका अवस्थेच्या आरंभापासून शेवटापर्यंतची सारी शब्दयोजना अशी ‘दिवस’ या एका शब्दाभोवती गुंफलेली आहे. लोकव्यवहारात मात्र हिशेब सांगायचा तो ‘नऊ महिने नऊ दिवस’ असा. हे दिवस कोणत्या दिवसापासून मोजावयाचे, आणि हे महिने कोणते, या दोन प्रश्नांचा विचार आपल्याकडे फारसा झालेला नाही. वैद्यकाच्या अभ्यासकांनी तो भाषेचा प्रश्न म्हणून सोडून दिला, आणि भाषेच्या अभ्यासकांनी वैद्यकाचा म्हणून. प्रस्तुत लेखात अकोल्याच्या जुन्या शहराच्या निमित्ताने या गणनेचा मागोवा घेण्याचा प्रयत्न केला आहे.

प्रथम ग्रंथांकडे वळू. ऋग्वेदाच्या पाचव्या मंडलातील प्रसूतिविषयक ऋचांत गर्भ दहा महिन्यांचा म्हटला आहे. छांदोग्योपनिषदात दहा अथवा नऊ असा विकल्प आहे. चरकसंहितेच्या शारीरस्थानात आठवा महिना उलटून एक दिवस गेला की तेथून दहाव्या महिन्याच्या अखेरपर्यंत प्रसवकाल मानला आहे. सुश्रुताने अधिक सैल मर्यादा घातली असून नवव्यापासून बाराव्यापर्यंत कोणत्याही महिन्यातील जन्म त्याला मान्य आहे. वराहमिहिराने बृहज्जातकाच्या निषेकाध्यायात गर्भाच्या दहा महिन्यांना दहा अधिपती नेमून दिले आहेत. वरवर पाहता येथे एकवाक्यता नाही, आणि काही विद्वानांनी तसे म्हटलेही आहे. परंतु हा मतभेद बऱ्याच अंशी मोजण्याच्या रीतीचा आहे, असे आम्हांस वाटते.

चंद्राच्या एका अमावास्येपासून दुसऱ्या अमावास्येपर्यंतचा काल सुमारे २९.५३ दिवसांचा असतो. असे नऊ महिने म्हणजे २६५.८ दिवस. आजचे प्रसूतिशास्त्र गर्भधारणेपासून जन्मापर्यंतचा सरासरी काल २६६ दिवसांच्या आसपास धरते. म्हणजे तिथीचे पूर्ण नऊ महिने आणि गर्भाचे खरे वय यांत दिवसाचाही फरक पडत नाही. गणना गर्भधारणेपासून न करता शेवटच्या पाळीच्या पहिल्या दिवसापासून केली, तर २८० दिवस धरतात, तिथीच्या हिशेबाने हे साडेनऊ महिने होतात (९.५ गुणिले २९.५३ म्हणजे २८०.५). नऊ महिने पुरे झालेले आणि दहावा अर्धा चाललेला. पुरे झालेले महिने मोजणाऱ्याने नऊ म्हणावे आणि चालू महिना मोजणाऱ्याने दहा म्हणावे, यात विरोध कसला? उपनिषदातील विकल्पाचा एक सरळ अर्थ असाही लागतो.

साडेनऊ महिन्यांच्या या गणितातून एक सुटसुटीत नियम निघतो. पाळी ज्या तिथीला आली, तीच तिथी दहाव्या चांद्रमासात विरुद्ध पक्षात ज्या दिवशी येईल, तो प्रसूतीचा अंदाजी दिवस. शुद्ध पंचमीची पाळी असेल तर वद्य पंचमी. अमावास्येची असेल तर पौर्णिमा. बोटांवर मोजणाऱ्या स्त्रीला याहून सोपे साधन देता येणार नाही. हा नियम आमच्या पाहण्यातील कोणत्याही संस्कृत अथवा मराठी ग्रंथात या शब्दांत मांडलेला नाही. येथे तो केवळ गणिताचा निष्कर्ष म्हणून दिला आहे.

‘नऊ महिने नऊ दिवस’ ही म्हण या कसोटीवर कशी उतरते ते पाहणे मनोरंजक आहे. इंग्रजी तारखेचे नऊ महिने साधारण २७४ दिवसांचे. त्यांत नऊ मिळविले तर २८३ होतात. तिथीचे नऊ महिने धरले तर बेरीज २७५ पर्यंतच पोहोचते. पण गणना विटाळाच्या पहिल्या दिवसाऐवजी चौथ्या दिवशीच्या न्हाण्यापासून केली, तर पहिल्या दिवसापासूनचा आकडा २७८ येतो, आणि तो शास्त्रीय २८० च्या फार जवळचा आहे. धर्मशास्त्राने ऋतुस्नानाला दिलेले महत्त्व ध्यानात घेता म्हण याच हिशेबातून आली असावी असे म्हणण्याचा मोह होतो. पण गणित जुळणे म्हणजे उगम सापडणे नव्हे, हे विसरू नये.

युरोपातील गणना याच सुमाराच्या आकड्यांवर निराळ्या वाटेने आली. लायडन येथील वैद्य बोअरहाव्ह यांच्या १७४४ साली प्रसिद्ध झालेल्या व्याख्यानांत शेवटच्या पाळीनंतर एक आठवडा सोडून तेथून नऊ महिने मोजण्याची रीत आढळते. हायडेलबर्गचे प्राध्यापक फ्रांट्स कार्ल नेगेले (१७७८–१८५१) यांच्या नावाने ती पुढे नियम म्हणून रूढ झाली. त्यांनी १८३० साली सुइणींसाठी पाठ्यपुस्तक लिहिले, ही गोष्ट नमूद करण्याजोगी आहे. नियम असा : पाळीच्या तारखेतून तीन महिने मागे जावे आणि सात दिवस मिळवावे. महिन्यांची लांबी सारखी नसल्यामुळे या रीतीने कधी २८०, तर कधी २८३ दिवस भरतात. हे सात दिवस पाळीच्या पहिल्या दिवसात मिळवावयाचे की शेवटच्या, याविषयी आरंभी संदिग्धता होती. पहिला दिवस हा संकेत मागाहून पक्का झाला.

आणखी एक विलक्षण योग असा की, दोन्हीकडच्या गणनेमागील उपपत्ती सदोष होती. गर्भ पाळी संपल्याबरोबरच्या दिवसांत राहतो अशी बोअरहाव्ह यांची कल्पना होती. सुश्रुताने ऋतुकाल बारा रात्रींचा सांगितला. मनु आणि याज्ञवल्क्य यांनी सोळा रात्री सांगून पहिल्या चार वर्ज्य केल्या. जपानात ओगिनो यांनी १९२४ साली व ऑस्ट्रियात क्नाउस यांनी १९२८ साली स्त्रीबीज पुढच्या पाळीच्या सुमारे चौदा दिवस आधी सुटते हे दाखविले, तेव्हा कोठे खरा काल कळला. पहिल्या चार वगळता उरलेल्या बारा रात्री म्हणजे पाचवी ते सोळावी. अठ्ठावीस दिवसांच्या चक्रात खरा गर्भधारणेचा काल या पट्ट्याच्या उत्तरार्धात येतो. कारण पुरतेपणी कळले नव्हते, पण अनुभवाने आकडा बरोबर धरला होता. वैद्यकाच्या इतिहासात असे पुष्कळदा घडलेले दिसते.

आता अकोल्याकडे येऊ. मोर्णा नदीच्या पश्चिम तीरावर जुने शहर आणि असदगड. पूर्व तीरावर ताजनापेठ, कचेऱ्या व पुढे वाढलेली नवी वस्ती, अशी या गावाची रचना आहे. कापसाच्या व्यापारामुळे येथे मराठी कुटुंबांच्या शेजारी मारवाडी, गुजराती आणि उर्दू बोलणारी मुसलमान कुटुंबे पिढ्यान्‌पिढ्या नांदत आली. त्यामुळे या गावात एकाच वेळी अनेक कालगणना चालत होत्या. पूर्व तीरावरील कचेरीत तारीख, मराठी घरात अमान्त महिना, मारवाडी घरात पौर्णिमान्त महिना आणि मुसलमान घरात हिजरी चांद. दिवस गेलेल्या स्त्रीचा हिशेब या प्रत्येक घरी निराळ्या नावांनी होणार, हे उघड आहे.

अशी स्त्री तारीख सांगत नाही. ती सण सांगते. जुन्या शहरातील राजराजेश्वराला श्रावणाच्या शेवटच्या सोमवारी गांधीग्राम येथील पूर्णेचे पाणी कावडीने आणून अभिषेक करतात. ‘कावडीच्या सोमवारी बाहेर बसले होते’ एवढे म्हटले की ऐकणारणीला पोळ्याच्या अलीकडचा आठवडा कळतो. पोळ्याचेच उदाहरण घेऊ. वऱ्हाडात पोळा श्रावण अमावास्येला असतो. त्या दिवशी पाळी आली असेल, तर साडेनऊ चांद्रमासांनी ज्येष्ठ पौर्णिमा, म्हणजे वटपौर्णिमा, येते. १४ सप्टेंबर २०२३ रोजी पोळा होता, आणि पुढची वटपौर्णिमा २१ जून २०२४ रोजी आली. मधले अंतर २८१ दिवसांचे. नेगेले यांच्या रीतीने १४ सप्टेंबरवरून निघणारी तारीखही २१ जूनच आहे. तिथी आणि तारीख ही दोन्ही गणिते एका दिवशी येऊन मिळतात.

परंतु सणावरून सणापर्यंत जाणारी ही वाट अधिक मासात चुकते. २२ ऑगस्ट २०२५ च्या पोळ्यापासून २८० दिवस २९ मे २०२६ रोजी भरतात; पण त्या वर्षी १७ मे ते १५ जून हा अधिक ज्येष्ठ असल्यामुळे वटपौर्णिमा २९ जूनला जाते. नुसत्या सणाच्या नावावर विसंबणारीचा हिशेब ३१ दिवसांनी लांबेल. चांद मोजणारी चुकणार नाही. महिन्याचे नाव मोजणारी चुकेल. अधिक मास सुमारे बत्तीस-तेहतीस महिन्यांनी एकदा येतो, म्हणून हा प्रसंग दुर्मिळ नाही. कित्येक घरांत ‘दहा महिन्यांचे पोट’ म्हणून सांगितल्या जाणाऱ्या गोष्टींपैकी काहींच्या मुळाशी हाच धोंड्याचा महिना असणे शक्य आहे.

दुसरी चूक शेजारपणातून येण्यासारखी आहे. मारवाडी घरात महिना पौर्णिमेला संपतो, म्हणून आपला श्रावण वद्य पक्ष त्यांच्याकडे भादव्याचा बदी पक्ष होतो. त्या घरच्या बाईने ‘भादवा बदी पंचमी’ म्हटले आणि मराठी सुइणीने ते भाद्रपद वद्य पंचमी असे ऐकले, की हिशेब पूर्ण एका महिन्याने पुढे गेला. शुद्ध पक्षात मात्र दोन्ही घरांची नावे जुळतात. त्यामुळे चूक कधी होते आणि कधी होत नाही, हे लवकर उमगत नाही. हिजरी गणनेत अधिक मास नाही. तेथे महिना चंद्रदर्शनाने सुरू होऊन सरळ पुढे जातो, आणि म्हणून या एका कामापुरती ती सर्वांत निर्धोक होय. बारावफातेला, म्हणजे रबीउल अव्वलच्या बाराव्या चांदाला, पाळी आली असेल, तर साडेनऊ चांदांनी जिल्हजची २६ किंवा २७ येते. बकरी ईद होऊन सोळा-सतरा दिवस झालेले असतात.

महिन्याची चूक म्हणजे केवळ वहीतली चूक नव्हे. पहिलटकरणीला सातव्या महिन्यात माहेरी आणावयाचे, सीमंतोन्नयन धर्मशास्त्राप्रमाणे चौथ्या, सहाव्या अथवा आठव्या महिन्यात करावयाचे, असे सारे संकेत मोजणीवर अवलंबून होते. वऱ्हाडच्या काळ्या जमिनीत पाऊस लागला की गाडीवाट बंद होते. पक्क्या सडका होण्यापूर्वी आषाढ-श्रावणात दिवस भरणाऱ्या मुलीला मृगाच्या आत हलविले नाही, तर ती जेथे आहे तेथेच अडकणार. चिखलात बैलगाडी रुतलेली आणि आत वेणा देणारी बाई, हा धोका महिनाभराच्या चुकीने ओढवू शकत होता.

पाळीचा पहिला दिवस लक्षात ठेवी कोण, हा प्रश्न यापुढे येतो. याचे उत्तर विटाळाच्या रूढीत आहे. स्त्री तीन दिवस दूर बसे, चौथ्या दिवशी न्हाई. ‘कावळा शिवला’ हे घरातल्या पोरांनाही कळे. त्या रूढीचा जाच कितीही असो, तिने एक जाहीर नोंदवही निर्माण केली होती, आणि ती वही सासूच्या स्मरणात असे. या रूढीला वऱ्हाडातच विरोध झालेला आहे, हेही सांगितले पाहिजे. ऋद्धपूर हे ज्यांचे महास्थान, त्या महानुभाव पंथात चक्रधरांनी रजःस्राव हा देहाच्या इतर स्रावांसारखाच एक मानून त्याचा विटाळ नाकारल्याचे लीळाचरित्रावरून दिसते. परंतु गृहस्थी समाजात विटाळ टिकला, आणि त्याबरोबर गणनेचा अधिकारही घराकडे राहिला. बाईचे दिवस बाईपेक्षा घराला अधिक ठाऊक असत.

ही वही कित्येकदा कोरीही राही. अंगावर पिणारे मूल असताना पाळी परत येण्यापूर्वीच पुन्हा दिवस गेले, तर मोजणीला आरंभबिंदूच उरत नाही. अशा वेळी सुईण हातावर विसंबे. पोटात बाळ हलल्याची जाणीव पहिलटकरणीला साधारण अठरा ते वीस आठवड्यांनी होते, पुढच्या खेपांना थोडी आधी. गर्भाशयाचा माथा विसाव्या आठवड्याच्या सुमारास बेंबीशी येतो, छत्तिसाव्याला छातीच्या हाडापर्यंत चढतो, आणि पहिलटकरणीत त्यानंतर किंचित उतरतो. डोहाळे हाही एक टप्पाच. चौथ्या महिन्यात गर्भाचे हृदय व्यक्त होते म्हणून गर्भिणीला सुश्रुताने ‘दौहृदिनी’ म्हटले. ‘दोहद’ आणि आपला ‘डोहाळा’ हे शब्द याच कुळातले मानले जातात.

आठव्या महिन्याविषयीच्या समजुतीने मात्र या मोजणीत खोट शिरली. सातव्या महिन्याचे मूल जगते, आठव्याचे जगत नाही, ही समजूत वऱ्हाडापुरती नाही. आठव्या महिन्यात ओज अस्थिर असते हे आयुर्वेदाचे मत, आणि आठमाशा मुलावर ग्रीक हिपोक्रेटीय संग्रहात एक स्वतंत्र प्रकरणच आहे. वस्तुतः गर्भ जितका अधिक दिवसांचा, तितका तो जगण्याचा संभव अधिक. पण समजूत दृढ असल्यामुळे जगलेले आठमासे मूल मागाहून सातव्याचे किंवा नवव्याचे ठरविले जाते, आणि गेलेले आठव्याचे. निकाल पाहून हिशेब दुरुस्त करण्याची ही रीत असल्याने घरगुती आठवणींवरून गर्भकालाविषयी अनुमाने काढताना फार जपावे लागते.

दिवस मोजण्याची दुसरी, अधिक कठोर बाजू विधवेच्या वाट्याला आली. नवऱ्याच्या मृत्यूचा दिवस सर्वांना माहीत. त्यापुढचे महिने शेजार मोजी. १८८१ साली सुरतेकडील विजयालक्ष्मी नावाच्या ब्राह्मण विधवेस नवजात अर्भकाच्या हत्येबद्दल फाशीची शिक्षा झाली, व ती पुढे कमी करण्यात आली. त्या प्रकरणावर वृत्तपत्रांतून स्त्रीजातीवर जो भडिमार झाला, त्याला उत्तर म्हणून वऱ्हाडातील बुलढाण्याच्या ताराबाई शिंदे यांनी ‘स्त्री-पुरुष तुलना’ लिहिली. ती १८८२ साली पुण्यास छापली गेली. त्याच्या एकोणीस वर्षे आधी, १८६३ मध्ये, जोतीराव व सावित्रीबाई फुले यांनी पुण्यात बालहत्या प्रतिबंधक गृह काढले होते. पोट कितव्या महिन्याचे याचा निवाडा जेथे लोक करीत, तेथे मोजणी हे शस्त्र होते, आणि ते बाईच्या हाती नव्हते.

कायद्यानेही हाच आकडा उचलला. १८७२ च्या भारतीय पुरावा अधिनियमाच्या ११२ व्या कलमात, विवाह संपुष्टात आल्यापासून २८० दिवसांच्या आत, माता अविवाहित राहिली असता, जन्मलेले मूल औरस मानले गेले. १ जुलै २०२४ पासून अमलात आलेल्या भारतीय साक्ष्य अधिनियमात ते ११६ वे कलम झाले; आकडा कायम राहिला. येथे एक बारकावा आहे. वैद्यकातील २८० दिवस पाळीपासूनचे. कायद्यातील २८० दिवस विवाहसंबंध तुटल्यापासूनचे. गर्भधारणेपासूनचे सरासरी २६६ दिवस धरता, शेवटच्या दिवशी गर्भ राहिलेल्या विधवेला कायदा पंधरवड्याची सूट देतो. ही सूट पुरेशी आहे असे म्हणवत नाही. फ्रान्सच्या १८०४ च्या संहितेने हीच मर्यादा ३०० दिवसांची केली होती. चरकाचा दहावा महिना गर्भधारणेपासून धरला तर २९५ व्या दिवशी संपतो. या एका बाबतीत प्राचीन वैद्य १८७२ च्या विधिज्ञांपेक्षा अधिक उदार होता.

मोर्णेच्या पूर्व तीरावर गणना तारखेने होऊ लागली ती दवाखान्यांमुळे. १८८५ साली लेडी डफरीन यांच्या नावाचा निधी निघाला. अमरावतीचे स्त्री रुग्णालय अजून डफरीन म्हणून ओळखले जाते, आणि अकोल्याचे लेडी हार्डिंग म्हणून. सुइणींना शिक्षण देण्यासाठी व्हिक्टोरिया स्मारक शिष्यवृत्ती निधी १९०३ साली स्थापन झाला. त्यापूर्वीच, १८८६ मध्ये, आनंदीबाई जोशी यांनी पेनसिल्व्हेनियाच्या स्त्री-वैद्यक महाविद्यालयात प्राचीन आर्य हिंदूंच्या प्रसूतिशास्त्रावर प्रबंध सादर केला होता. दोन्ही परंपरा एका मेजावर ठेवण्याचा तो प्रयत्न होता. त्या १८८७ मध्ये निवर्तल्या, आणि ते काम तेथेच थांबले.

१९७३ पासून ‘कालनिर्णय’ घरोघर भिंतीवर आले, आणि तिथी व तारीख एका चौकोनात बसली. दुधाच्या हिशेबाशेजारी पेन्सिलीची एक बारीक खूण, जिचा अर्थ ती करणारीलाच ठाऊक, अशी पाने कित्येक घरांत सापडतील. घराच्या स्मरणातली वही येथे प्रथमच बाईच्या स्वतःच्या हाती आली. याच खुणेवर आता पुष्कळ काही अवलंबून असते. प्रसूतीची रजा अपेक्षित तारखेवरून ठरते. १९७१ च्या गर्भपातविषयक कायद्याची वीस आठवड्यांची मर्यादा २०२१ च्या दुरुस्तीने काही वर्गांतील स्त्रियांसाठी चोवीस झाली. तेथे एका महिन्याची चूक स्त्रीला मर्यादेच्या पलीकडे नेऊ शकते.

ध्वनिलहरींच्या चित्रणाने, ज्याचा पाया ग्लासगोच्या इयान डोनाल्ड यांच्या १९५८ च्या लेखाने घातला, ही अडचण पुष्कळ दूर केली. पहिल्या तीन महिन्यांत गर्भाची लांबी मोजली तर त्याचे वय पाच-सात दिवसांच्या फरकाने कळते. पस्तीस दिवसांचे चक्र असणाऱ्या स्त्रीला पाळीच्या हिशेबात सात दिवस वाढवून द्यावे लागतात, तेही या मापाने आपोआप सुधारते. तथापि गर्भाचे वय बिनचूक कळले तरी जन्माचा दिवस कळतो असे नाही. सांगितलेल्या नेमक्या तारखेस जन्मणारी मुले शंभरांत चार-पाचच असतात, आणि गर्भधारणेचा दिवस निश्चित माहीत असलेल्या निरोगी स्त्रियांतही गर्भकालात पाच आठवड्यांपर्यंत अंतर आढळले आहे. जुन्या शहरातली सुईण वटपौर्णिमा न म्हणता ‘वटपौर्णिमेच्या आगेमागे’ म्हणाली असेल, तर ती रुग्णालयाच्या कार्डावरील एकेरी तारखेपेक्षा वस्तुस्थितीच्या अधिक जवळ होती.